टेलरबाईची डावी बाजू

३ फेब्रुवारी

वन्सं,

हा शब्द ऐकला की तू कानांवर हात ठेवायचीस. "नणंद म्हणजे काय पदवी आहे का? नावाने हाक मार आणि तू म्हण," असं लग्नानंतरच्या पहिल्याच आठवड्यात बजावलं होतंस. तू म्हणायची सवय लागली ती लागली. नाव लिहायला मात्र आज हात वळत नाही.

तुझ्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती काल दुकानात आली. पाकिटात चिठ्ठी नव्हती, पहिल्या पानावर सहीसुद्धा नव्हती. पहिल्या आवृत्तीवर तू लिहिलं होतंस, 'जिने मला पाहायला शिकवलं तिला.' ते पान मी गिऱ्हाइकांना दाखवत सुटले होते. एकाच्या डोळ्यांवर नंबर काढायची चौकट अडकवलेली होती, त्यात भलतीच भिंगं, तरी त्याच्यापुढे धरलं. त्या बिचाऱ्याने काही न दिसताच छान म्हटलं.

या वेळी सरळ चौथं प्रकरण उघडलं. 'डावीकडची रिकामी जागा.' आहे, जसंच्या तसं आहे. नोव्हेंबरात माझ्या स्वयंपाकघरात ओट्याला टेकून तू म्हणाली होतीस, "हे प्रकरण मी काढते. शब्द देते." मी भांडी विसळत होते, तुझा भाऊ दारात उभा होता, त्यानेही ऐकलं. तू शब्द फिरवशील असं माझ्या मनातही आलं नाही, कारण या घरात दिलेला शब्द पाळणारी तू एकटीच अशी माझी समजूत होती.

प्रकरण तर राहिलंच, वर पान एकशे बारावर बारीक अक्षरात तळटीप आली आहे. 'या स्त्रीला पुढे काचबिंदू असल्याचं निदान झालं, असं तिच्या चष्मेवालीकडून कळतं. निदानाने अर्थ रद्द होत नाही.' त्याच्यापुढे अजून एक वाक्य आहे. ते मी इथे उतरवत नाही.

सतरा वर्षं मी तुझी भावजय आहे. तू आईंशी भांडलीस म्हणून मला लग्नानंतर डोळे तपासण्याचा कोर्स करता आला, हे मी कुणालाही सांगते. तळटिपेत मी नुसती चष्मेवाली झाले. झाले तर झाले. पण ती बाई नवऱ्याकडे बघायचं नाकारत नव्हती, तिचा डोळा जात होता, एवढं तरी नीट छापून सांग. बाकी मला काही नको.


११ फेब्रुवारी

वन्सं,

तुझं उत्तर नाही. तुझा भाऊ म्हणतो, "दोघी शहाण्या आहात, मला मध्ये ओढू नका," आणि वर्तमानपत्रात तोंड खुपसतो.

पुस्तकात सगळं इतकं सुंदर झालं आहे की खरं काय झालं ते तुला आता आठवत नसेल. म्हणून लिहिते. टेलरबाई पहिल्यांदा दुकानात आली ती तक्रार घेऊन नाही, संकोच घेऊन. गल्लीच्या टोकाला तिचं शिवणाचं दुकान, तिथे ती यंत्रावर आणि नवरा तिच्या डावीकडे स्टुलावर काजं-बटणं करत बसलेला. मी तक्ता वाचायला लावला तर शेवटची ओळ घडाघडा वाचली. मग पर्समधून सुई काढली आणि पहिल्या झटक्यात दोरा ओवून दाखवला. "डोळे तर चांगलेच आहेत ना? मग मी दाराच्या चौकटीवर का आपटते?" डाव्या दंडावर काळेनिळे डाग होते. आणि उठता उठता हसून म्हणाली, "आमचे हे डावीकडे बसतात ना, ते हल्ली दिसतच नाहीत मला. बरंच आहे म्हणा."

रविवारी तुमच्याकडे जेवताना मी हे गंमत म्हणून सांगितलं. सगळे हसले, तू हसली नाहीस. तू चमचा खाली ठेवलास आणि विचारलंस, "ती आधी हसली, की बोलून झाल्यावर?" वन्सं, त्या घरात माझ्या कामाबद्दल दुसरा प्रश्न विचारणारं तोवर कुणी भेटलं नव्हतं. पहिला प्रश्न असायचा, दुकान कसं चाललंय. उत्तर यायच्या आत लोक लोणचं पुढे सरकवायला सांगायचे.

तू मग तासभर बोललीस. एरवी दार लावून आत ठेवलेली गोष्ट मन विनोदातून सोडून देतं. पाहतो तो डोळा नव्हे, पाहतं ते माणूस, आणि कुठे पाहायचं हे बाईला घर शिकवतं. बाजार आणखी पुढे जातो, तो तिला सांगतो की तुझं काम पाहणं नाही, दिसणं. अशा बाईने डावी बाजू सोडून दिली तर तो तिचा पहिला संप समजावा. मी रोज वीस जणांचे डोळे बघते आणि मला यातलं काहीच दिसलं नव्हतं, याची लाज वाटली आणि तू मला ते दाखवलंस याचा अभिमान वाटला.

तुझं पहिलं पुस्तक मी पुन्हा काढलं आहे. त्यात तू जुन्या मानसोपचारवाल्यांना धारेवर धरलंस. ते कोचाच्या मागे बसायचे, म्हणजे बाईला ते दिसू नयेत, आणि तिच्या बोलण्यातून स्वतःची केस उभी करायचे. भिंगावर खुणा करायच्या पेनाने मी तेव्हा एक वाक्य अधोरेखित केलं होतं. 'प्रत्येक प्रसिद्ध रुग्णामागे एक बाई असते, जिला तिच्याबद्दल काय लिहिलं ते वाचायला कुणी दिलं नाही.' टेलरबाईला तू वाचायला दिलंस का? पहिली आवृत्ती तिला मी दाखवायची नाही, असं तूच म्हणाली होतीस. "आत्ता नको, तिचं मन बिथरेल."

आठ दुपारी तू माझ्या दुकानाच्या मागच्या खोलीत तिच्याशी बोललीस, टेबलावर रेकॉर्डर ठेवून. मी बंदची पाटी लावायचे आणि चहा करायचे. मध्ये नुसतं प्लायवूड होतं, सगळं ऐकू यायचं. माझ्या धंद्यातली एक गोष्ट मी तुला सांगितली होती. नंबर काढताना "हे बरं, की ते?" असं विचारलं की काही माणसं भिंगातून बघत नाहीत, माझ्या तोंडाकडे बघतात. मला काय हवंय ते ओळखून उत्तर देतात आणि चुकीचा चष्मा घेऊन जातात. म्हणून मी आवाज सपाट ठेवते. तुला ते इतकं आवडलं की तिसऱ्या प्रकरणात घातलंस, कुणाचं ते न सांगता. त्याचं मला काही नाही. पण प्लायवूडच्या पलीकडून मी ऐकत होते. तू म्हणायचीस, "म्हणजे तुम्हाला त्यांना बघवत नाही, असं आहे का?" तुझा आवाज सपाट नव्हता. आणि जरा वेळाने तिचा आवाज यायचा, "असेल तसंच."

चौदा महिन्यांनी ती जिन्यावरून पडली, मनगट मोडलं. दवाखान्यातल्या डॉक्टरने सहज म्हणून डोळ्यांत उजेड टाकून पाहिला. डाव्या डोळ्यात आता नळीतून दिसावं तेवढंच उरलं आहे. उजव्यात सुरुवात झाली आहे. जे गेलं ते परत येत नाही, जे आहे ते राखायला सकाळ-संध्याकाळ ड्रॉप, जन्मभर. हे मी तुला नोव्हेंबरात सांगितलं तेव्हा तू रडलीस. मीही रडले. मला वाटलं आपण दोघी एकाच गोष्टीसाठी रडतोय.


२ मार्च

हे पत्र भांडणाचं नाही. आधी शेवटपर्यंत वाच.

टेलरबाईची मुलगी आज दुकानात आली होती. कॉलेजात आहे, आईसारखीच बुटकी, चटपटीत. आली ती काउंटरला धरून उभी राहिली. म्हणाली, "मावशी, आईने ड्रॉप सोडलेत. पंधरा-वीस दिवस झाले. आज मला बाटली भरलेली दिसली म्हणून कळलं."

मी विचारलं, का.

तर दोष आपलाच, असं मुलीचं म्हणणं. तुझ्या पुस्तकाची नवी आवृत्ती तिला कॉलेजच्या ग्रंथालयात मिळाली. चौथं प्रकरण वाचताना तिने ओळखलं, ही आपली आई. सुई, काजं, दंडावरचे डाग. तिला वाटलं आई चिडेल. आईने दोनदा वाचून घेतलं आणि यंत्र बंद करून नुसती बसून राहिली. मग तळटीप वाचली तेव्हा म्हणाली, "बघ. डॉक्टरचं कळल्यावरसुद्धा बाईंनी तेच ठेवलंय. एवढ्या शिकलेल्या बाई उगाच ठेवतील?" ड्रॉपने डोळा चुरचुरतो, अर्धा तास काम होत नाही. डॉक्टरने तिच्याकडे मान वर करून पाहिलंही नव्हतं. आणि तू आठ दुपारी ऐकलं होतंस.

मी लगेच शटर ओढून तिच्याकडे गेले. टेलरबाई खूश होती, वन्सं. मला म्हणाली, "डॉक्टरकडे मी नुसता एक डोळा असते हो. पुस्तकात मी कुणीतरी आहे." आपण चूक केली, असं म्हणायला मी तोंड उघडलं, तर म्हणाली, "तुम्ही चष्म्याचं बघा. हे तुमच्या नणंदबाईंचं आहे."

ती माझं ऐकणार नाही. मुलीचं ऐकत नाही. तुझं ऐकेल. एक दुपार ये. पुस्तकात काही छापू नकोस, माझ्याशी बोलूही नकोस, मी बाहेर उभी राहते. फक्त तिच्यासमोर बसून सांग की हा आजार आहे आणि ड्रॉप घालायचे. तिचा उजवा डोळा अजून वाचण्यासारखा आहे. दिवस घालवू नकोस.


१९ मार्च

तू आली नाहीस. फोन केलास तो माझ्याकडे नाही, भावाकडे. त्याने निरोप सांगितला, बिचाऱ्याने पाठ करून ठेवला होता. "मी त्या बाईवर माझं म्हणणं लादू शकत नाही. तिने स्वतःचा अर्थ निवडलाय. तो तिच्याकडून काढून घेणं म्हणजे पुन्हा तेच, बाईला काय दिसतं ते दुसऱ्याने ठरवणं." मग त्याने मला विचारलं, "बरोबर बोलली ना ती?" मी म्हटलं, बोलली बरोबरच.

इतकं बरोबर की उत्तर मला सकाळी पहिल्या गिऱ्हाइकाचा चष्मा पुसताना सुचलं. आठ दुपारी तिच्यावर आपलं म्हणणं लादताना तुला कुठे अडचण आली होती? तेव्हा एक दुपारही चुकली नाही. आता तेच म्हणणं परत घ्यायचं तर तुला तिचं स्वातंत्र्य आठवतं. वन्सं, तू केसाने गळा कापलास. तिचाही आणि माझाही. ज्या शब्दांनी तू मला उभं केलंस तेच शब्द वापरून कापलास, म्हणून कळायलाही वेळ लागला.

आता ते वाक्य. तळटिपेचं तिसरं, जे मी उतरवलं नव्हतं. 'त्या वेळी केलेल्या तपासणीत कोणताही शारीरिक दोष आढळला नव्हता.'

हे खोटं आहे. तुला माहीत आहे आणि मला माहीत आहे. पहिल्या पत्रात मी ते का गाळलं हेही तुझ्या लक्षात आलं असेल, तू काही कच्ची नाहीस. ते खोटं मला सांभाळतं.

त्या रविवारनंतर टेलरबाई चष्म्याची दांडी बसवून घ्यायला आली. माझ्या मनात काय आलं कोण जाणे, मी तिला समोर बसवलं, उजवा डोळा झाकायला सांगितला, तिची नजर माझ्या नाकावर ठेवली आणि बाजूने बोट आत आणत गेले. "दिसलं की सांगा." बोट तिच्या कानाजवळ आलं, गालाजवळ आलं. मी पुन्हा केलं. बोट जवळजवळ नाकासमोर आल्यावर ती म्हणाली, "हां, दिसलं." हे कोर्सच्या पहिल्या वर्षात शिकवतात. मी तिच्या कार्डावर तारीख घातली आणि लिहिलं, 'डावी बाजू नाही. डॉक्टर.'

तिला म्हटलं, सगळं ठीक आहे. आणि संध्याकाळी तुला फोन केला. तू म्हणालीस, "पाठव की, पण दोन महिने थांब. एकदा डॉक्टरांच्या हातात गेली की ती डॉक्टरांच्याच भाषेत बोलायला लागेल. मला तिची स्वतःची भाषा हवी आहे. आणि तुला काय वाटतं, शरीर नकार देताना पुरावा ठेवत नाही?" मला ते पटलं. खरं तर पटलं नाही, आवडलं. तू मला विचारत होतीस, तुझ्या कामात मला वाटा मिळत होता. माझं सगळं शिक्षण एका बोटात होतं आणि मी ते मुठीत घेतलं. दोन महिन्यांचे चौदा झाले, मी एकदाही म्हटलं नाही की आता पुरे. तिला रोज दुकानासमोरून जाताना बघायचे, उजव्या बाजूने भिंतीला धरून.

म्हणून तू शब्द फिरवलास तरी मी गप्प राहीन असा तुझा हिशेब असणार. तपासणीत काही आढळलं नाही, असं छापून तू माझ्यावर उपकार केलेस आणि माझं तोंड बंद केलंस. दोन्ही एकाच ओळीत.


२४ मार्च

तुला कळावं म्हणून लिहिते, सल्ला मागायला नाही.

काल दुपारी टेलरबाईच्या दुकानात गेले. बरोबर कार्ड नेलं. नवरा स्टुलावर काजं करत होता, मी त्याला जा म्हटलं नाही. कार्ड तिच्या हातात दिलं आणि तारखेवर बोट ठेवलं. तिने ते उजव्या बाजूला घेऊन वाचलं. दोनदा वाचलं.

"म्हणजे तुम्हाला त्या दिवशीच कळलं होतं."

"हो."

"आणि मला ठीक आहे म्हणालात."

"हो."

"मग सांगितलंत कुणाला?"

मी म्हटलं, नणंदेला.

तिने सुईतला दोरा ओढून काढला आणि रिळाला गुंडाळून ठेवला. नवऱ्याने काजं थांबवली होती. मग ती माझ्याशी नाही, त्याच्याशी बोलली. "अहो, मी चेष्टा केली होती. तुम्ही दिसत नाही ते बरंच आहे, असं म्हटलं होतं मी यांना. चेष्टेत." तो म्हणाला, "माहितेय मला." ती म्हणाली, "मग त्या बाई विचारायला लागल्या. रोज विचारायच्या. माझ्याशी कुणी एवढं बोललं नव्हतं हो कधी. त्यांना काय हवंय ते कळत होतं मला. म्हटलं, असेल तसंच. नाहीतर त्या यायच्या बंद झाल्या असत्या."

मी काही समजूत घालायला गेले तर तिने हाताने थांबवलं. "तुम्ही आता जा. मी ड्रॉप घालीन. तुमच्या सांगण्यावरून नाही. ते पुस्तक माझं नाही म्हणून."

संध्याकाळी मुलीच्या हाती माझे शिवायला टाकलेले कपडे परत आले, घडी घातलेले, न शिवता. मुलगी मला मावशी म्हणाली नाही.


१७ मे

वन्सं,

तुझं पत्र आलं. पाकिटावर तुझं अक्षर पाहून आधी उघडवलं नाही, खोटं कशाला बोलू. मला वाटलं तू माफी मागितली असशील आणि मला ती द्यावी लागेल.

दोन पानं भरून लिहिलं आहेस. माझ्या प्रामाणिकपणाचं कौतुक आहे. माझं १९ मार्चचं पत्र तू तीनदा वाचलंस असं म्हणतेस. त्या पत्राने तुला तुझ्या विचारांतली एक फट दिसली, तपासणाऱ्या बाईची स्वतःची न पाहण्याची इच्छा, आणि त्यावर तू एका मासिकासाठी नवा निबंध सुरू केला आहेस. 'दुसरं न पाहणं.' त्यात माझी पत्रं वापरू का, असं विचारतेस. नाव घालणार नाहीस, दुकान बदलशील. टेलरबाई आपली चेष्टा होती म्हणाली, तो भाग विशेष महत्त्वाचा वाटतो. तिची पुन्हा एक दुपार मिळाली तर बरं, मी विचारून बघेन का?

नाही. माझ्यासाठीही नाही आणि तिच्यासाठीही नाही. या पत्रांतलं एक वाक्य छापलंस तर मी त्या मासिकाच्या कचेरीत जाऊन उभी राहीन, आणि माझा आवाज किती चढतो ते तू आईंशी कोर्सवरून भांडण झालं तेव्हा ऐकलं आहेस. प्रकाशकांना मी कार्डाची प्रत पाठवली आहे. सोबत लिहिलं आहे की तपासणीत दोष आढळला होता, तो मी लपवला आणि लेखिकेला माहीत होता. खाली पूर्ण नाव, दुकानाचा पत्ता आणि परवाना क्रमांक घातला. ते छापतील की नाही माहीत नाही. गल्लीत मात्र सगळ्यांना कळलं आहे, टेलरबाईने सांगितलं. तिचा तो हक्कच आहे. गिऱ्हाईक निम्म्यावर आलं, उरलेलं बहुतेक दुसऱ्या गल्लीतलं आहे. तुझ्या भावाने पहिल्यांदाच वर्तमानपत्र बाजूला ठेवून तळटीप वाचली आणि तुझा फोटो दिवाणखान्यातून काढून कपाटात ठेवला. मी परत लावला. उगाच नाटकं नकोत म्हटलं.

तू पत्रात माझ्या मनाविषयी अकरा प्रश्न विचारले आहेस, मी मोजले. तुझ्या पुस्तकांचं, निबंधाचं, अगदी आईंच्या गुडघेदुखीचंही लिहिलं आहेस. टेलरबाई परवा पुन्हा डॉक्टरकडे जाऊन आली, मुलीने रस्त्यात उभ्या उभ्या सांगितलं. उजवा डोळा किती राहिला, हे तू विचारलेलं नाहीस.